मंदानाचं ‘नको’

“बरं,” कतायून खानूम म्हणाल्या आणि पुढच्या मुलीकडे वळल्या.

मंदानाचं वाक्य अजून पुरतं संपलंही नव्हतं. हॉलच्या लाकडी फरशीवर गोल करून बसलेल्या मुलींच्या माना एकदम वर झाल्या. गोलकीपर मोलूकच्या हातातली पाण्याची बाटली कलंडली. पाणी तिच्याच मांडीवर सांडत राहिलं आणि तिला पत्ताच नव्हता.

झालं होतं ते असं. काशानचा मुलींचा फुटसालचा, म्हणजे हॉलमधल्या फुटबॉलचा, संघ पहिल्यांदाच शेवटच्या चार संघांत पोचला होता. सामने तेहरानला होते. चौदा जणींना न्यायचं होतं, आणि नव्या प्रशिक्षक कतायून खानूम, म्हणजे कतायूनबाई, एकेकीला विचारत होत्या, “तू येणार ना?” मंदाना सगळ्यांत मोठी, चौतिशीची, म्हणून सुरुवात तिच्यापासून. घरचं वळण चांगलं असलेली बाई अशा वेळी जे म्हणते तेच मंदाना म्हणाली, “मी कशाला, खानूम? माझं काय आता. या पोरी आहेत ना, त्यांना न्या. मी आपली तुमच्या पायाची धूळ...”

यावर खानूमनी म्हणायचं होतं, “असं कसं? तुझ्याशिवाय संघ कसला?” मग मंदानाने मान हलवून पुन्हा नको म्हणायचं. मग मोलूकने ओरडायचं, “ही नाही तर मीही नाही!” तिसऱ्यांदा नको म्हणताना मंदानाचा आवाज बारीक व्हायचा आणि शेवटी डोळे खाली घालून ती म्हणायची, “तुमची आज्ञा.” तारोफ म्हणतात तो हाच. दुकानात, दारात, जेवणाच्या पंगतीला, लग्नाच्या बोलणीत, सगळीकडे तो असाच चालतो. त्यात कोणी खोटं बोलत नसतं. फक्त दोघांनी मिळून बोलायचं असतं.

कतायून खानूम आपला वाटा बोलल्याच नाहीत.

“यगाने,” त्या एकोणीस वर्षांच्या, काटकुळ्या मुलीला म्हणाल्या, “मंदानाच्या जागी मग तू.”

यगानेने मंदानाकडे पाहिलं, मग खानूमकडे.

घरी जाताना मोलूक फुटपाथवर थांबली. “तू नक्की काय बोललीस तिला?”

“जे बोलायचं तेच बोलले. तू नव्हतीस का तिथे?”

“होते गं, म्हणूनच विचारतेय. माझा कानांवर विश्वास बसत नाहीये. ती सरळ ‘बरं’ म्हणाली!”

“फारसी येते ना तिला?”

“फारसी येते. सहा वर्षांची असताना बापाने स्वीडनला नेली, तेव्हा जेवढी येत होती तेवढी. सहा वर्षांच्या मुलाला कोणी तारोफ शिकवतं का?” मोलूकने कपाळावर हात मारला. “आमच्या मावसभावाची नवी बायको पहिल्या दिवशी सासूला म्हणाली, ‘हो, भूक लागलीय, वाढा.’ तेव्हा घर असंच गार पडलं होतं. सासूबाई अजून सावरल्या नाहीत.”

मंदानाला हसू आलं नाही.

मंदानाचा आणि चेंडूचा संबंध जुना. आई घरी मागावर गालिचे विणायची, वडील तुटके माग दुरुस्त करायचे. गल्लीतली पोरं विटांचे दोन गोल मांडून प्लास्टिकच्या चेंडूने खेळायची. असला चेंडू फार हलका. वारा आला की शेजारच्या छपरावर. मग एक जुना चेंडू चिरून नव्यावर चढवायचा, म्हणजे दोन थरांचा, वजनदार, पायाला कळणारा चेंडू होतो. पण चीर नेमकी हवी. लहान पडली तर वरचा थर चढत नाही, मोठी झाली तर टिकत नाही. गालिच्याच्या गाठी कापायचा आकडीचा चाकू हातात बसलेली त्या गल्लीत एकच पोर होती. भावाच्या मित्रांनी नाक मुरडत तिला खेळात घेतलं, कारण चेंडू तीच करायची. पुढे पुढे तर चेंडू विकत मिळायला लागला तरी ते तिलाच घ्यायला यायचे, कारण गोलही तीच करायची.

मग शाळेचा संघ, मग जिल्ह्याचा, मग क्लबचा. क्लबला पैसे देणारे बदलत गेले, एकदा फरशीवाले, एकदा नगरपालिका, मध्ये एक वर्ष कोणीच नाही. जर्सीचा रंग बदलायचा, मुली लग्न होऊन जायच्या, मंदाना तेवढी राहायची. सकाळी ती यंत्रावरच्या गालिच्यांच्या कारखान्यात कामाला जायची. सरकत्या गालिच्यावर नजर ठेवून चुकलेला धागा शोधायचा, हे तिचं काम. आई त्या गालिच्यांना ‘चटया’ म्हणायची. दुपारनंतर हॉल. मुलींचे सामने बंद दाराआड, बाप्यामाणसांना आत प्रवेश नाही, म्हणून वडिलांनी तिला कधी खेळताना पाहिलंच नाही. ते बाहेर जुन्या गाडीत बसून आतल्या आरड्याओरड्यावरून गोल कोणाचा झाला ते ओळखायचे. “आज उजवीकडच्या गोलात तू दोन घातलेस,” असं म्हणायचे आणि बहुतेक वेळा बरोबर निघायचे. ते गेले त्यालाही आता बरीच वर्षं झाली.

राष्ट्रीय संघाच्या शिबिराला एकदाच बोलावणं आलं होतं, तेहरानलाच. तिथे पहिल्याच सरावात गुडघा फिरला आणि ती बसने परत आली. तेव्हापासून तेहरानचं नाव काढलं की तिचा हात आपोआप गुडघ्याकडे जायचा. यंदा मात्र संघ पोचला होता. गोलकडे पाठ करून चेंडू तळपायाखाली धरायचा, अंगावर आलेलीला पाठीने थोपवायचं आणि एका वळणात मारायचं, हे तिच्याइतकं कोणाला जमत नव्हतं. हंगाम संपला की ती थांबणार होती. त्याआधी तेहरानला एकदा खेळून यायचं, एवढंच तिला हवं होतं.

“तू काही काळजी करू नकोस,” आई म्हणाली. “तिला जेवायला बोलाव. मी बोलते. बायकांच्या गोष्टी बायकांनी मिटवायच्या.”

कतायून खानूम आल्या. बूट दारात काढून, हातात फुलं घेऊन, आनंदाने. ताहेरे खानूमनी, म्हणजे मंदानाच्या आईने, कोफ्ते केले होते, केशरी भात होता, ताक, ताजी पुदिन्याची पानं. खानूम पोटभर जेवल्या, आणि आणखी वाढायला लागल्यावर “नको” म्हणाल्या. आईने अर्थातच वाढलं. खानूमनी ताटाकडे असं पाहिलं की जणू कोणी त्यांच्या खिशात हात घातलाय.

चहा आला. मंदाना तबक धरून दाराशी उभी राहिली. आता आई बोलणार होती.

“तुमच्या मुलीचं मला फार कौतुक वाटतं,” कतायून खानूमच आधी म्हणाल्या. “स्वतःहून थांबली. अशी मोठ्या मनाची माणसं मी फार थोडी पाहिलीत.”

आता कौतुकाला उत्तर द्यायला नको का? आईचं तोंड आपोआप उघडलं. “अहो, कसलं कौतुक! तुमचीच लेक ती. तिला काय येतंय, इकडून तिकडे पळते झालं. तुम्ही म्हणाल तसं.”

मंदानाने तबक जरा जोरातच खाली ठेवलं.

“मला धास्ती होती, तुम्हाला वाईट वाटलं असेल,” खानूम म्हणाल्या.

“वाईट? छे हो! जीव ओवाळून टाकावा तुमच्यावरून! आणि ती यगाने काय गुणी पोर आहे. आमची आता म्हातारी झाली.”

आईची जीभ उतारावरच्या गाडीसारखी सुटली होती. मंदाना डोळे वटारून बघत होती. आईलाही ते दिसत होतं, आईच्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं, पण तोंड थांबत नव्हतं.

निघताना कतायून खानूम चहाच्या तबकाजवळ थांबल्या. तांब्याचं, हाताने ठोकलेलं, कडेला वेलबुट्टी. “किती सुंदर आहे हे!”

“तुमचंच आहे,” आई म्हणाली. “तुमच्यापुढे त्याची काय किंमत!”

“खरंच?” खानूमचा चेहरा उजळला. त्यांनी आईला घट्ट मिठी मारली, तबक काखेत घेतलं आणि जिना उतरून गेल्या.

दार लागलं. मग आई मटकन खाली बसली आणि तिने स्वतःच्या गालावर हलकेच चापट मारली. “मी काय बोलले गं हे?”

“मला म्हातारी म्हणालीस.”

“आणि माझं तबक नेलं तिने!” आई दाराकडे बोट करून म्हणाली. “लग्नातलं तबक! उचललं आणि नेलं!”

रात्रभर मंदाना वाक्य जुळवत राहिली. सकाळी कारखान्यात तिच्या नजरेखालून चुकलेल्या धाग्याचा एक अख्खा गालिचा सरकून गेला. असं तिच्या हातून कधी झालं नव्हतं. सरावाच्या आधी ती खानूमच्या खोलीत गेली.

“माफ करा, तुमच्या मोलाच्या वेळात...”

“बोल, मंदाना.”

“त्रास देतेय तुम्हाला...”

“बस, बोल.”

“खानूम, मला तेहरानला यायचं होतं.”

कतायून खानूमनी पेन खाली ठेवलं. “मग नको का म्हणालीस?”

“यायचं होतं म्हणूनच नको म्हणाले.”

खानूमनी हे वाक्य ओठांतल्या ओठांत पुन्हा म्हणून पाहिलं. मग मंदानाने सगळं सांगितलं, तीनदा विचारायचं असतं, पहिलं नको हे नको नसतं, मोलूकने ओरडायचं होतं ते, सगळं. खानूमचा चेहरा हळूहळू पांढरा पडत गेला, पण तो मंदानाच्या गोष्टीमुळे नव्हे. त्यांच्या मनात वेगळंच काही चाललं होतं.

“माझ्या गल्लीतला रोटीवाला,” त्या सावकाश म्हणाल्या. “मी पैसे काढले की म्हणतो, तुमच्यापुढे काय किंमत.”

“हो, मग?”

“मी आभार मानते आणि निघते.”

“रोज?”

“आल्यापासून.”

“आणि तो काही बोलत नाही?”

“नाही. हल्ली जरा कमी हसतो.” खानूमनी दोन्ही हातांनी डोकं धरलं. “टॅक्सीवाला. खालची भाजीवाली. घरमालकीण म्हणाली, ‘माझं घर ते तुमचंच घर,’ तर मी तिच्या अंगणात माझी सायकल... अरे देवा. आणि ते तबक!”

“राहू द्या हो तबक, तुमच्यापुढे...” मंदानाने जीभ चावली. खानूम तिच्याकडे बघत होत्या, बुडणारं माणूस काठाकडे बघतं तसं. मंदानाने श्वास घेतला. “परत द्या. आईच्या लग्नातलं आहे. काल रात्री ती जेवली नाही.”

मोठ्या माणसाला तोंडावर इतकं सरळ ती आयुष्यात पहिल्यांदाच बोलली होती. कान तापले तिचे.

खानूम उठून तडक हॉलमध्ये गेल्या. टाळ्या वाजवून मुलींना गोळा केलं. “मी आले तेव्हा प्रत्येकीला विचारलं होतं, कुठे खेळायला आवडेल. तुम्ही काय म्हणालात?”

“तुम्ही सांगाल तिथे,” चार-पाच आवाज एकदम.

“ते खरं होतं की...” त्यांना शब्द सापडेना. “मोलूक, तुला गोलमध्ये राहायला आवडतं?”

मोलूकने मंदानाकडे चोरून पाहिलं. “तुमच्यासाठी जीव हजर आहे, खानूम.”

“मी जीव नाही मागितला!”

खानूमच्या चेहऱ्यावर असा धसका होता की मुलींना त्यांची दया आली. हंगामभर कोणाला काय हवं होतं यातलं काहीच आपल्याला ठाऊक नाही, आणि तरी हा संघ शेवटच्या चारांत कसा पोचला, हे कोडं त्या उभ्या उभ्या सोडवत होत्या.

“मला तेहरानला जायचंय,” मंदाना म्हणाली.

कोणीतरी ‘अगं बाई’ केलं. सगळ्यांच्या नजरा यगानेकडे गेल्या. आता तिने काय म्हणायचं हे भिंतीलासुद्धा ठाऊक होतं, जागा तुमचीच आहे मंदाना जान, माझी काय लायकी. त्यावर मंदानाने नाही म्हणायचं, यगानेने पुन्हा आग्रह करायचा, आणि सगळं रुळावर यायचं.

यगानेचे कान लाल झाले. तिने केस बांधायचं रबर बोटावर गुंडाळलं, सोडलं. “मलाही जायचंय,” ती म्हणाली. “मी देणार नाही.”

मंदानाला कोणी छातीवर चेंडू मारल्यासारखं झालं. याच पोरीला तिने तळपायाने चेंडू धरायला शिकवलं होतं. पोर पहिल्यांदा घसरून पडली तेव्हा तिच्या कोपरावर मंदानाच बर्फ धरून बसली होती.

“अगं ए!” मोलूक ओरडली. “लाज आहे का?”

“त्यांना चालतं तर मला का नाही?” यगानेचा आवाज कापत होता, पण मान खाली गेली नाही.

“बास,” खानूम म्हणाल्या. त्यांच्या चेहऱ्यावर रंग परत आला होता. निदान हे तरी त्यांना समजत होतं. “गुरुवारी आपापसांत सामना. तुम्ही दोघी समोरासमोर. मी बघेन आणि ठरवेन.”

गुरुवारी यगाने जोरात होती. तिच्या पायात वेग होता आणि मनात राग. तिने पहिला गोल केला तो मंदानाला वळसा घालून. मंदानाने पाठीवर तिला घेऊन एक परत फेडला. मग दोन्हीकडे एकेक झाला. मंदानाचा गुडघा बोलायला लागला होता. खानूमनी घड्याळ पाहिलं तेव्हा बरोबरीच होती.

तेवढ्यात यगानेच्या बाजूने गोल राखणाऱ्या मोलूकच्या हातातून सुटलेला चेंडू गोलच्या दूरच्या खांबाकडे घरंगळत आला. फुटसालचा चेंडू फारसा उसळत नाही, जमिनीला धरून येतो. दोघी धावल्या. यगाने अर्धं पाऊल पुढे होती. चेंडू तिचाच होता, पाय नुसता पुढे करायचा. पण वाटेत मंदानाचा खांदा आला, आणि यगानेचा पाय किंचित थबकला. दारात मोठं माणूस समोर आलं की आपण थबकतो ना, आधी तुम्ही म्हणून, तितकाच. जिभेने बंड केलं होतं, पायाला ते कोणी कळवलं नव्हतं.

मंदाना थबकली नाही. तिने बुटाच्या टोकाने चेंडू आत ढकलला.

“पुन्हा!” यगाने किंचाळली. “खानूम, तुम्ही पाहिलंत ना? मी थांबले होते! त्यांच्यासाठी थांबले होते!”

कतायून खानूमनी मंदानाकडे पाहिलं. “थांबली होती का ती?”

मंदानाला ते दिसलं होतं. तिच्याइतकं स्पष्ट कोणालाच दिसलं नव्हतं. आता काय म्हणायचं तेही तिला पाठ होतं, लहानपणापासून, आईच्या दुधाबरोबर. शब्द ओठांवर येऊन उभे होते, पुन्हा खेळू, पोर बरोबर म्हणतेय, माझं काय.

“थांबली होती,” ती म्हणाली. “पण गोल झाला.”

मोलूक तिच्याकडे ओळख विसरल्यासारखी बघत राहिली. यगाने तिथेच खांबाला टेकून खाली बसली आणि गुडघ्यांत तोंड घालून रडायला लागली. मंदाना तिच्याजवळ जायला वळली, दोन पावलं गेलीही, आणि थांबली. जवळ जाऊन आपण काय बोललो असतो, याची तिला एकाएकी भीती वाटली. आपल्याच तोंडाची भीती.

खानूमनी चौदावं नाव लिहिलं. मंदाना.

निघायच्या सकाळी बसभोवती आया-मावश्यांची गर्दी होती. मंदानाची आई तबकात वाटेतल्या खाऊची पाकिटं घेऊन उभी होती. खानूम गेल्या आठवड्यात ते स्वतः परत देऊन गेल्या होत्या, आणि आईने “ठेवा हो, ठेवा” म्हणत दोन्ही हातांनी घट्ट धरून घेतलं होतं.

मंदाना पायरीवर चढणार तोच गर्दीतून यगाने आली. हातात पाण्याचा वाडगा, त्यात एक हिरवं पान. प्रवासाला निघालेल्यांच्या मागे पाणी टाकतात, सुखरूप परत यावेत म्हणून. ते टाकायचं घरच्यांनी.

“जिंकून या, मंदाना जान,” यगाने म्हणाली. “तुमच्याशिवाय हा संघ कोणाचा?”

महिन्यापूर्वी मंदानाने यावर न बघताच उत्तर दिलं असतं. आता ती त्या चेहऱ्यात शोधत राहिली. डोळे सुजलेले होते, पण ओठ हसत होते. वाडगा दोन्ही हातांनी धरलेला होता, नीट, रीतीप्रमाणे.

“तू पण...” मंदानाने सुरुवात केली, आणि पुढचं सुचेना. ती वर चढली.

बस सुरू झाली. कतायून खानूम शेजारच्या खुर्चीवरून वाकून हळूच म्हणाल्या, “ती आता बोलली ते खरं होतं, की तो तुमचा तारोफ?”

मंदानाने मागे वळून पाहिलं. यगानेने वाडगा मागे नेला आणि पाणी फेकलं, रस्त्यावर टाकतात त्यापेक्षा बरंच उंच. मागच्या काचेवर ते फटकन येऊन आदळलं आणि बाहेरचं सगळं विरघळून गेलं.

“मला कळत नाही, खानूम,” मंदाना म्हणाली. “खरंच कळत नाही.”